जेवणाआधी दोन पानं

कोणाला काय वाचायला द्यायचं, हे सर त्याच्या तोंडाकडे पाहून ठरवत. आधी चष्मा कपाळावर चढवायचा, मग डॉक्टर जीभ पाहतो तसं समोरच्याकडे थोडा वेळ बघायचं आणि सोयाबीनच्या बियाण्याच्या कापडी पिशवीतून झेरॉक्स काढून हातात द्यायची. वर सूचना असे.

"दोनच पानं आहेत. जेवणाआधी वाचा. जेवल्यावर वाचलं तं झोप येते, अन् मंग लोकं लेखकाले नावं ठेवतेत."

सर आमच्या दारव्ह्याच्या घरी वरच्या खोलीत भाड्यानं राहत. कॉलेजात समाजशास्त्र शिकवत, तेही तासिका तत्त्वावर. म्हणजे जेवढे तास घेतले तेवढ्यांचंच मानधन, आणि पुढच्या वर्षी बोलावतील की नाही ते पुढच्या वर्षीच कळणार. समाजशास्त्र हा विषय ज्यांनी उभा केला त्या जुन्या चार-पाच पंडितांपैकी एका जर्मन माणसावर सरांचा जीव होता. त्याचं नाव मी इथं लिहीत नाही. सर करत तो उच्चार वेगळा, पुस्तकावर छापलेला वेगळा, आणि खात्री नसलेली गोष्ट लिहायची मला सवय नाही. सर त्याला 'आपला बर्लिनवाला' म्हणत. नवीन माणसाला वाटे, यांचा कोणी चुलतभाऊ तिकडे नोकरीला असावा.

बाकीच्या पंडितांनी धर्म, भांडवल, राज्य अशा मोठमोठ्या गोष्टींवर ग्रंथ लिहिले. या बर्लिनवाल्यानं मात्र जेवणाच्या पंगतीवर, दागिन्यांवर, भांडणावर, गुपितावर आणि चक्क दारावर लिहिलं. सर म्हणत, "बाकीचे इमारत पाहून राह्यले होते भाऊ. ह्यानं बिजागरी पाह्यली." त्याचंही एक जाडजूड पुस्तक आहे म्हणे, पण ते सर कोणालाच आधी वाचू देत नसत. आधी पंगत, मग भांडण, मग गुपित, आणि मोठं पुस्तक सगळ्यांत शेवटी. एकदा स्पर्धा परीक्षेची तयारी करणारा एक विद्यार्थी आमच्या अंगणात येऊन म्हणाला, "सर, याच्यातलं परीक्षेपुरतं काय ते सांगा न." सर वरून म्हणाले, "लग्न बी परीक्षेपुरतंच करशीन काय रे?" तो पुन्हा आला नाही. पुढे तलाठी झाला असं ऐकलं.

सरांचं म्हणणं असं, की हा माणूस पोरांनी परीक्षेसाठी वाचायचा नाहीच, गावानं वाचायचा आहे. म्हणून त्यांनी त्याचे निबंध इंग्रजीवरून आपल्या हातानं मराठीत उतरवले होते आणि झेरॉक्स काढून ते गावात ज्याला-त्याला प्रकृतीप्रमाणे देत. गाव ते घेतही असे. आमच्या गावात फुकट दिलेली वस्तू परत करायची पद्धत नाही.

बाजार ओळीतल्या सोनाराला त्यांनी दागिन्यांवरचा निबंध दिला. दागिना अंगावर एकाच्या असतो, पण तो असतो बघणाऱ्यांसाठी, असं काहीतरी त्यात होतं. सोनारानं कागद चांगला जाड पाहून त्यात जोडव्यांची पुडी बांधली. चार दिवसांनी गिऱ्हाईक बाई कागद घडी घालून परत घेऊन आली. तिला ते हमीपत्र वाटलं होतं आणि त्यावर शिक्का हवा होता. सर नेमके तिथंच उभे. त्यांनी तिला सगळा निबंध समजावून सांगितला. बाईनं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "ते समदं बराबर हाय, पण शिक्का कुठं मारता?" शेवटी सोनारानं शिक्का मारून दिला. सरांना या गोष्टीचा राग वगैरे आला नाही. "घडी घालून जपून तं ठेवला न तिनं," म्हणाले.

लग्नात सर आहेराच्या पाकिटात पंगतीवरचा निबंध घालून देत. पाकिटावर नाव नीट लिहिलेलं असे. एका वधूपित्यानं पाकीट उलटं करून झटकलं, मग उजेडाकडे धरलं आणि मग माझ्याकडे पाहिलं, कारण भाडेकरू आमचा.

यवतमाळला जाणाऱ्या काळीपिवळीत माणसं समोरासमोर बसतात, गुडघ्याला गुडघा लागतो, आणि तासभर एकमेकांकडे बघत एक शब्द बोलत नाहीत. यावरही बर्लिनवाल्याचं लिखाण होतं, आणि ते सरांनी एकदा गाडी भरायची वाट बघताना सगळ्यांना सांगायला घेतलं. माणसं बाहेर बघायला लागली. ड्रायव्हर वळून म्हणाला, "मास्तर, सांगा, पण सरकून सांगा. एक बाई घ्यायची हाय."

सरांचा सगळ्यांत मोठा अभिमान कोणता, तर बर्लिनवाल्यालाही आयुष्याचा बराचसा काळ पक्की नोकरी मिळाली नव्हती. व्याख्यानांना तोबा गर्दी व्हायची, पण जागा काही पक्की होईना. "म्हंजे माह्यासारखंच," सर म्हणत. आमची मंडळी सरांची बाजू घेणारी. पण तीही एकदा म्हणाली, "सर, गर्दीचं जरा वेगळं हाय पण." सरांनी प्रांजळपणे मान्य केलं.

माझं आणि सरांचं एकाच गोष्टीवरून वाजे. मी जिनिंगमध्ये हिशेब लिहितो. कापूस आला किती, सरकी निघाली किती, गाठी बांधल्या किती, हे जुळल्याशिवाय मला घरी जाता येत नाही. एकदा अंगणात सरांनी विचारलं, "भाऊ, दोनात एक मिळवला तं किती?"

"तीन."

"इथंच तुमी फसता."

मी म्हटलं, "सर, आमी याच्यावर पगार घेतो."

त्यांचं म्हणणं असं, की दोन माणसांत तिसरा आला म्हणजे एक माणूस वाढला असं होत नाही. सगळा प्रकारच बदलतो. दोघंच असले, तर एक उठून गेला की संपलं. मागे काहीच उरत नाही. म्हणून दोघं एकमेकांना जपतात तरी, नाहीतर अडून बसतात. तिसरा आला की समजूत घालायला कोणीतरी होतं, चहाडी करायलाही होतं, आणि एक उठून गेला तरी बाकीचं चालू राहतं. हे सगळं बर्लिनवाल्यानं मोजून-मापून मांडलंय, असं ते सांगत. मी म्हणे, "मांडलं असंन. बेरीज तीनच येते."

आता हा वाद आमच्या घरात का निघावा, ते सांगतो.

आमचं घर वडिलांनी दोघा भावांचा विचार करून बांधलं. एक फाटक, एक अंगण, एक बोअर, डावीकडे दादा आणि उजवीकडे मी. वडील गेल्यावर वाटणी झाली. शेत वाटलं, घर वाटलं, पाण्याचे तांब्याचे गुंड वाटले. वरची खोली तेवढी राहून गेली, कारण तिचा जिना माझ्या बाजूनं आणि ती उभी दादाच्या छतावर. म्हणून ती दोघांची, आणि तिच्यातले सरही दोघांचे भाडेकरू.

दादा स्वतः शेती करतो. मी माझा हिस्सा ठोक्यानं, म्हणजे वर्षाची रक्कम ठरवून, दुसऱ्याला कसायला देतो. एका वर्षी नांगरटीच्या वेळी मी शेतात गेलो, तर दोघांच्या मधला धुरा, म्हणजे बांध, माझ्या बाजूला सरकलेला दिसला. नुसत्या डोळ्यांवर मी विश्वास ठेवत नाही. मोटारसायकलच्या डिकीत टेप होता, तो काढून मोजलं. दादाचा नांगर सव्वा हात आत आला होता. आजही मोजा, तेवढाच निघेल.

दादा तिथंच उभा होता. म्हणाला, "भावाले टेप लावून राह्यला का बे, लहान्या?"

मी म्हटलं, "भावाले नाही, धुऱ्याले लावून राह्यलो."

त्यानंतर आम्ही बोललो नाही. अंगण एक, पाणी एक, आणि बोलणं बंद. दादा ओट्यावर तंबाखू मळत बसलेला असे, मी तीन पावलांवर गाडी पुसत असे, आणि मधे सर उभे असत.

"सर, दादाले सांगा, मोटर बंद कराची राह्यली."

सर दादाकडे वळून म्हणत, "भाऊ म्हणतेत का मोटर चालू हाय. पण मले त्याइचा सूर मोटरीचा वाटत नाही."

"त्याले म्हना, ज्याले दिसली त्यानं बंद करावं."

"दादा म्हणतेत का..."

"ऐकलं मी, सर."

"ऐकलं तं मंग मी कायले हाओ इथं?" असं सर खरोखर कुतूहलानं विचारत. हा प्रश्न त्यांना टोचून बोलण्यासाठी पडत नसे.

या अबोल्यात सरांचं मात्र चांगलं चाललं होतं. आमच्याकडून वर झुणका गेला की दादाच्या घरून तासाभरात भरल्या वांग्याचं वाटण परतल्याचा वास यायचा. मोठ्या वहिनींनी शेवभाजी पाठवली की आमची मंडळी पुरणाचं काढायची. दोघींनी कधी कबूल केलं नाही, पण वर गेलेली ताटली कोणाची आधी रिकामी खाली येते यावर दोघींचं लक्ष असे. सर आले तेव्हा काडीसारखे होते. अबोल्याच्या दोन पावसाळ्यांत त्यांचा पट्टा शेवटच्या भोकावर आला. त्यांची पुस्तकं खोलीत मावेनाशी झाली, तेव्हा ती जिन्यावर माझ्या बाजूला उतरली आणि छतावर दादाच्या टिनाखाली पसरली. मला ते खटकत होतं, दादालाही खटकत असणार. पण भाडेकरूला हटकायचं तर दोन्ही मालकांनी मिळून हटकायला हवं, आणि त्यासाठी आधी एकमेकांशी बोलायला हवं.

असं चाललं असताना माझ्या मुलीचं घाटंजीला जमलं. मुलगा शिक्षक, माणसं चांगली. मुलाच्या वडिलांनी फोनवर साखरपुड्याची एकच गोष्ट सांगितली. "साक्षगंधात तुमच्या घरचे मोठे बसतीन, त्याइच्याशी आमचे मोठे बोलतीन. तशी आमची रीत हाय." मी "हाव" म्हटलं आणि फोन ठेवला.

मुलीनं तर स्पष्टच सांगितलं, "मोठे बाबा येऊन बसल्याबिगर मी पाटावर बसत नाही."

तिला सायकल शिकवली दादानं. दहावीला तिच्या परीक्षेच्या केंद्राबाहेर उन्हात बसून राहिला तो दादा. ती बोलली त्यात काही चूक नव्हती.

पण दादाला बोलवायचं कसं? सरांबरोबर निरोप पाठवला. सर उत्तर घेऊन आले. "दादा म्हणतेत, त्याले तोंड हाय. सख्ख्या भावाले कोनी भाडेकऱ्याच्या हातून बोलावते काय?"

मी म्हटलं, "त्याइले म्हना, आधी धुऱ्याचं मान्य करा."

सर पुन्हा अंगण ओलांडून गेले आणि परत आले. "ते म्हणतेत, धुरा शेतात हाय अन् पोरगी घरात हाय."

मंडळी स्वयंपाकघरातून बाहेर आली. "पोरीचं साक्षगंध मोठं का तुमचा सव्वा हात मोठा?"

"साक्षगंध मोठंच हाय. पण सव्वा हात हा सव्वा हातच असते."

"तुमाले तं बाई, देवानं माणूस कराच्या ऐवजी मोजपट्टी कराची होती," ती म्हणाली आणि आत गेली.

दिवस जवळ येत चालले. मुलगी माझ्याशी कामापुरतं बोलू लागली. घाटंजीहून फोन आला की मी अंगणात जाऊन बोलायचो आणि "मोठे आहेत न घरी?" असं विचारलं की "हाव, समोरच बसले आहेत" म्हणायचो. ते खोटं नव्हतं. दादा समोरच ओट्यावर बसलेला असे आणि आकाशाकडे बघत असे.

एका सकाळी सरांनी चष्मा कपाळावर चढवला. माझ्याकडे पाहिलं, पलीकडे दादाकडे पाहिलं, आणि पिशवीतून झेरॉक्सच्या दोन सारख्या प्रती काढल्या. एक मला दिली, दुसरी अंगण ओलांडून दादाच्या हातात ठेवली.

"हा माह्या आवडीचा हाय," म्हणाले. "आतापर्यंत कोनाले दिला नव्हता. तसं दुखणंच नव्हतं कोनाले. दोघांनी बी वाचा. जेवणाआधी."

निबंध 'तिसऱ्या'वरच होता. मी तो जिनिंगमध्ये जेवणाच्या सुट्टीत डबा उघडण्याआधी वाचला. सूचना आहे तर पाळावी. पहिल्या भागात असं होतं, की दोघं भांडत असले तर तिसरा माणूस दोघांचं ऐकून त्यांच्यातली आग काढून घेतो आणि त्यांना जवळ आणतो. आपण तेच करतो, असं सरांना दाखवायचं असणार. पण निबंध तिथं संपत नव्हता. दुसऱ्या भागात असं होतं, की कधी कधी तिसऱ्याला काहीच करावं लागत नाही. दोघांच्या भांडणात त्याचं आपोआप चांगभलं होतं. दोघंही त्याला आपल्या बाजूला ओढायला बघतात, दोघंही त्याला देत राहतात. मी तिथं पेन्सिलीनं खूण केली. मग डबा उघडला. पण माझं मन झुणक्यात लागेना.

संध्याकाळी घरी आलो. गाडी स्टँडवर लावत होतो, तेवढ्यात दादा ओट्यावरून उठला. चष्मा नाकावर, हातात झेरॉक्स. अंगणाचा मधला भाग ओलांडून तो सरळ माझ्यासमोर येऊन उभा राहिला. आमची मंडळी दारात आली होती, ती तिथंच थांबली.

"वाचलं काय तुनं हे?" दादानं विचारलं.

"वाचलं."

"पुरं?"

"पुरं वाचलं."

"दुसरं पान?"

"खूण करून ठेवली त्याच्यावर."

दादानं कागदावर बोट आपटलं. "अबे, हा मास्तरच हाय न तो! दोन घरचं खाऊन राह्यला अन् आपल्याले निरोप पोचवून राह्यला! माह्या टिनाखाली समदे पुस्तकं याचेच."

"माह्या जिन्यावर बी त्याइचेच."

"मंग सांगितलं काहून नाही?"

"कोनाले सांगू? तुमी बोलत होते काय?"

दादानं हातातल्या कागदानं जिन्याकडे दाखवलं. मग म्हणाला, "चाल वर."

आम्ही दोघं जिना चढलो. पुस्तकं ओलांडत चढावं लागलं. सर बनियनवर बसून जेवत होते. समोर दोन ताटल्या, एक आमची आणि एक दादाची, ओळखू येत होत्या. आम्हाला दोघांना एकत्र दारात पाहून त्यांनी हातातला घास खाली ठेवला.

दादानं वेळ घालवला नाही. "मास्तर, हे वाचलं आमी. याच्यात जो तिसरा दोघाइच्या भांडनावर पोट भरते, तो तुमी आहा. आमाले दोघाइले मंजूर हाय. महिनाभरात खोली खाली करा."

"दोघाइले," मी म्हटलं.

सर उभे राहिले. "थांबा, थांबा. दोघांनी वाचलं?"

"सांगतो न, वाचलं."

"म्हंजे सुरवातीपासून? शेवटपर्यंत?"

"लहान्यानं तं खुणा बी केल्या हायेत."

सरांचा चेहरा मी तसा कधी पाहिला नव्हता. इतकी वर्षं ते गावाला कागद वाटत होते. सोनारानं पुडी बांधली, वधूपित्यानं झटकून पाहिलं, पोरांनी परीक्षेपुरतं मागितलं. पुरतं वाचून, विचार करून, त्यावर भांडायला कोणी आलं, ते आम्हीच पहिले. त्यांनी खरकटा हात मागे धरला आणि डाव्या हातानं माझी प्रत मागून घेतली. पेन्सिलीची खूण बघत राहिले.

"अगदी बरोबर जागी केली तुमी," म्हणाले. "अन् तो तिसरा भाग, मुद्दाम भांडण लावणाऱ्याचा, कसा वाटला?"

"मास्तर," दादा ओरडला, "आमी तुमाले खोली खाली कराले सांगून राह्यलो!"

"हाव, करतो न. महिना म्हंजे अमावास्येपर्यंत का तारखेनं?"

"तारखेनं," मी म्हटलं.

खाली उतरताना दादा पुढे होता. मधल्या पायरीवर थांबून, मागे न बघता त्यानं विचारलं, "साक्षगंध कवा हाय?"

मी दिवस सांगितला. मग म्हटलं, "दादा, तुमाले या लागते. तुमीच बसाचं हाय."

"ते धुऱ्याचं?"

"धुरा शेतात हाय."

"हाय तिथंच राहू दे मंग. साक्षगंध झाल्यावर पाहू," तो म्हणाला आणि पुस्तकं ओलांडत उतरला.

मंडळीचं आजही म्हणणं आहे, की सरांनी हे जाणूनबुजून केलं. आमचा राग एकमेकांवरून काढून स्वतःवर ओढून घेतला. मी सरांना एकदा सरळ विचारलं. ते गोंधळले. "नाही हो भाऊ. मी त्या निबंधात हाओ, हे मले तुमी सांगेपर्यंत मालूमच नव्हतं. मी तं ते मराठीत उतरवत होतो." माझा त्यांच्यावर विश्वास आहे. मंडळीचा नाही. ती म्हणते, तुम्हाला आकडे कळतात, माणसं कळत नाहीत.

साक्षगंधाच्या दिवशी सर आले. त्यांना बोलावलं कोणी, ते कळलं नाही. दोन्ही घरांतल्या बायकांनी वेगवेगळं बोलावलं असणार. इस्त्रीचा शर्ट घालून ते आमच्या बाजूच्या रांगेत, माझ्यानंतर बसले. वर त्यांचं सामान खोक्यांत बांधून तयार होतं.

घाटंजीचे लोक समोर बसले. आमच्याकडे आधी माणसांची ओळख होते. हे मामा, हे आत्याचे यजमान, हे मुलाचे काका. दादा फेटा बांधून मधे बसला होता, वडील बसायचे तसाच ताठ. मुलाचे मामा चौकस होते. एकेकाचं नातं विचारत, मान डोलावत ते आमच्या रांगेनं सरकत आले.

"हे मोठे," त्यांनी दादाकडे हात केला. "हे मुलीचे वडील. अन् हे?"

सर खरं बोलणारे. एक प्रश्न विचारला तर पूर्ण उत्तर देणारे. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला आणि आनंदानं सुरुवात केली, "मी वरच्या खोलीत राहतो. या महिन्याअखेर चाललो. त्याचं असं झालं का, हे दोघं भाऊ..."

आमची मंडळी सरबताचा ट्रे घेऊन येत होती, ती जागच्या जागी उभी राहिली. मुलाच्या वडिलांनी मान वळवली. आता सव्वा हात निघणार, टेप निघणार, इतक्या दिवसांचा अबोला निघणार, आणि तोही बर्लिनवाल्याच्या पुराव्यासकट.

"हे आमचे तिसरे," दादा म्हणाला.

सर थांबले.

"तिसरे?" मामांनी बोटं मोजली. "आमाले तं दोघंच भाऊ सांगितलं होतं."

"सांगणाऱ्याची चूक झाली असंन. तिघं हाओत आमी. यानं लग्न नाही केलं, पुस्तकं केले. वर राहते. कुठी जात-गित नाही."

"पण हे तं म्हणतेत का महिन्याअखेर..."

"दरसाल म्हणते तो," दादा म्हणाला. "तुमी त्याच्याकडे ध्यान देऊ नका." मग माझ्याकडे पाहून त्यानं विचारलं, "काहून रे लहान्या? किती भाऊ हाओत आपन?"

सगळे माझ्याकडे बघू लागले. दादा बघत होता, व्याही बघत होते, ट्रे धरलेली मंडळी बघत होती. सरही माझ्याकडेच बघत होते. त्यांचा चष्मा कपाळावर तसाच होता आणि तोंड थोडं उघडं राहिलं होतं. आतल्या खोलीच्या पडद्यामागे मुलीच्या बांगड्या वाजल्या आणि थांबल्या.

चुकीच्या बेरजेखाली मी आजवर कधी सही केलेली नाही. जिनिंगमध्ये विचारा कोणालाही.

"तिघं," मी म्हटलं.

मामांनी मान डोलावली आणि पुढच्याकडे वळले. दादानं फेटा सारखा केला आणि पडद्याकडे तोंड करून हाक दिली, "आना पोरीले. बसवा पाटावर."